के-टूसाठी सुतक

जित्याजागत्या माणसाला मारावं असं प्रमिलाच्या मनातही कधी आलं नव्हतं, आणि अनिलकाकांना तर नाहीच नाही. प्रमिलाच्या नवऱ्याचे, दत्तप्रसादचे, हे सख्खे काका पुण्यात कोथरूडला राहतात. पंचाहत्तरी ओलांडली तरी रोज सकाळी टेकडी चढून येतात आणि घरी आल्यावर चहाच्याही आधी दुबईजवळ अजमानला, पुतण्याच्या घरी, 'शुभ प्रभात' धाडतात, सोबत गुलाबाचं फूल. अशा माणसाचं कुणी वाईट चिंतील का? पण प्रमिलानं त्यांना मारलं. आपल्याच मजल्यावरच्या पॅसेजमध्ये, हातात कचऱ्याची पिशवी घेऊन, आणि तेही एका थर्माकोलच्या डोंगरापायी.

झालं असं, की इथल्या मराठी मंडळाची घरगुती गणपतीच्या आराशीची स्पर्धा असते. परीक्षक घरोघरी फिरतात, मोदक खातात, फोटो काढतात आणि नंतर ग्रुपवर निकाल टाकतात. गेल्या वर्षी प्रमिलाच्या नारळाच्या करवंट्यांच्या मखराला दुसरा नंबर मिळाला. पहिला गेला शारजाच्या एका बाईंकडे, ज्यांनी (हे प्रमिलाचं मत) सगळं मखर आयतं आणून नुसतं लावलं होतं. अर्चनाताई नावाच्या परीक्षक बाईंनी शेरा मारला, "कलाकुसर उत्तम, पण विषय नाही." हा शेरा प्रमिलाला वर्षभर चावत होता. भांडी लावतानासुद्धा ती मधेच म्हणायची, "विषय नाही म्हणे!"

म्हणून यंदा विषय होता. सातवीतल्या लेकीनं, ईशानीनं, तो आपल्या भूगोलाच्या पुस्तकातून काढून दिला: भारतातली पर्वतशिखरं आणि ती कुठं आहेत. जमिनीवर देशाचा मोठा नकाशा, त्यावर उंचसखल डोंगर, प्रत्येकावर नावाची, उंचीची आणि राज्याची पट्टी. केरळात अनैमुडी, राजस्थानात गुरुशिखर, अंदमानात सॅडल पीक, सिक्कीमला कांचनगंगा, आणि मधोमध, साधारण मध्य प्रदेशावर, बाप्पा बसणार. दत्तप्रसाद दुबईत अल क्वोजच्या एका गोदामात लॉजिस्टिक्स मॅनेजर आहे. एसी आणि फ्रिजच्या खोक्यांतलं थर्माकोल त्यानं गाडी भरभरून आणलं. बापलेकीचं एकदाच काय ते वाजलं. दत्तप्रसादनं कळसूबाई इतकी उंच कापली की ती दोडाबेट्टाच्याही वर गेली.

"बाबा, दॅट्स नॉट टू स्केल!"

"असू दे गं. आपली आहे ती."

"बट इट्स राँग."

शेवटी कळसूबाईचं डोकं उडवलं. दत्तप्रसाद त्यावर एक दिवस रुसला होता. ईशानी मात्र खूश होती. उत्तरेकडे, सगळ्यांच्या वर, तिनं स्वतःच्या हातानं एक डोंगर घडवला होता. चारी बाजूंनी सरळ चढत गेलेला, टोकाला अणकुचीदार. पट्टीवर लिहिलं होतं: के-टू, ८६११ मीटर, लडाख. पुस्तकात तसंच होतं, त्यामुळे पट्टीवरही तसंच.

आणि इथंच प्रमिला अडली. कारण समोरच्या फ्लॅटमध्ये जैनब राहते.

जैनब पाकिस्तानी, स्कर्दूच्या बाजूची, म्हणजे के-टू तिच्या गावाकडचा. एका क्लिनिकमध्ये रिसेप्शनला बसते, नवरा लांब अबूधाबीकडे रुवैसच्या रिफायनरीत, तो आठवड्यातून एकदा घरी येतो, आणि रुहान नावाचा एक धडपड्या मुलगा. आठ-नऊ वर्षांचा शेजार. प्रमिलाच्या ऑपरेशनच्या वेळी ईशानी जैनबकडेच जेवली, झोपली, अभ्यासाला बसली. दर गणपतीला जैनब रजा टाकून येते आणि ओट्याशी उभी राहून मोदक वळते. तिच्या मोदकाच्या पाकळ्या प्रमिलापेक्षा नाजूक येतात, हे प्रमिला कुणाला सांगत नाही. तिचे वडील गिर्यारोहकांबरोबर स्वयंपाकी म्हणून जायचे. त्या डोंगराच्या गोष्टी तिनंच ईशानीला सांगितल्या होत्या. त्याला ती छोगोरी म्हणते.

मागे एकदा दोन्हीकडच्या बातम्या तापल्या होत्या, तेव्हा या दोघींनी आपापल्या टीव्हीचा आवाज बारीक ठेवला होता. त्यावर त्या एका शब्दानंही बोलल्या नव्हत्या. आता मात्र तो डोंगरच हॉलमध्ये येऊन उभा राहिला होता, पट्टीसकट.

"काढून टाकू या का?" प्रमिलानं विचारलं.

"काढ," दत्तप्रसाद म्हणाला, "मग अर्चनाताई विचारतील, देशातलं सगळ्यात उंच शिखर कुठंय? परत दुसरा नंबर."

"मग जैनब?"

"तू बघ बाबा ते. तुझी मैत्रीण आहे."

नवरे मंडळी अशा वेळी मोठ्या मनानं निर्णय बायकोवर सोपवतात. प्रमिलानं दोन दिवस विचार केला आणि काहीच ठरवलं नाही. तिसऱ्या दिवशी ती कचरा टाकायला बाहेर पडली, तर जैनब कामावर निघालेली.

"प्रमिला! बाप्पा कब आ रहे हैं? मैंने छुट्टी डाल दी है."

एका वाक्याचं काम होतं. यंदा डोंगर केलेत, त्यात तुमच्याकडचाही आहे, बघून वाईट वाटणार नाही ना? एवढंच. पण प्रमिलाला पहिला नंबर हवा होता, आणि त्यासाठी ओशाळं व्हायची तिची तयारी नव्हती.

"इस साल नहीं आ रहे," ती म्हणाली.

"हाय, क्यों?"

"वो हमारे में सुतक है ना. मतलब घर में किसी की डेथ हो जाए, तो गणपती नहीं लाते."

जैनबनं हातातली पर्स खाली ठेवली. "किसकी?"

खोटं बोलायचं तर पुढचा प्रश्न धरून बोलावं, एवढीही अक्कल प्रमिलाला त्या क्षणी नव्हती. हातातला फोन नेमका तेव्हाच थरथरला. पडद्यावर गुलाबाचं फूल.

"अनिल काका," ती म्हणाली. "दत्ता के चाचा."

जैनबनं तिला तिथंच मिठी मारली. कचऱ्याच्या पिशवीसकट. "इन्ना लिल्लाहि," असं काहीसं ती पुटपुटली, आणि तिचे डोळे भरून आले. प्रमिलाही रडली. लोकांना वाटेल नाटक, पण ती खरंच रडली, कारण आपण काय केलं ते तिला तेव्हाच कळलं होतं. तेव्हाच थांबता आलं असतं, तेही तिला कळत होतं.

दत्तप्रसादला सांगितलं तेव्हा तो कटर हातात धरून उभाच राहिला.

"माझ्या काकाला मारलंस? तुझ्या माहेरचं कुणी नव्हतं?"

"जे तोंडात आलं ते गेलं निघून."

"अगं, रोज गुलाब धाडतोय ना तो फोनवर!"

"आता बोलून झालंय. गणपती होईपर्यंत गप्प बस."

ईशानीला फक्त एवढंच सांगितलं, की जैनब आंटीला यंदा आरास दाखवायची नाही, तिला के-टू बघून वाईट वाटेल. "बट शी टोल्ड मी अबाउट इट," ईशानी म्हणाली. तिच्या आईनं विषय बदलला.

संध्याकाळी बेल वाजली. दारात जैनब नव्हती, खाली एक कोरा स्टीलचा डबा होता आणि त्यावर चिठ्ठी: नवीन भांडं आहे, कांदा-लसूण नाही. आत गरम पुलाव, दही, बटाट्याची भाजी. मृत्यू झालेल्या घरात तीन दिवस चूल पेटवायची नसते, शेजाऱ्यांनी जेवण पोचवायचं, अशी त्यांच्याकडची रीत. दुसऱ्या दिवशी डाळ-भात आला. तिसऱ्या दिवशी खीरही आली. आणि या घरानं ते सगळं खाल्लं. टाकून देणं पाप वाटलं म्हणून खाल्लं, आणि चव छान होती म्हणून थोडं जास्तच खाल्लं. दत्तप्रसाद खीर वाटीत घेऊन म्हणाला, "काकांच्या नावानं," आणि हसला. प्रमिलानं आपली वाटी बाजूला सारली.

एवढ्यावर भागलं नाही. जैनबनं रुहानला पॅसेजमध्ये बॉल खेळायला बंदी केली. तिच्या घरातला टीव्ही गप्प झाला. लिफ्टमध्ये भेटली की ती प्रमिलाचा हात हातात धरायची. एकदा एवढंच म्हणाली, "मैं रोज़ पढ़ती हूँ उनके लिए." प्रमिलानं मान डोलावली. हे ती कुठल्या तोंडानं ऐकून घेत होती, देव जाणे.

चतुर्थीला बाप्पा आले ते चोरासारखे. चादरीत गुंडाळून, सामानाच्या लिफ्टनं. दत्तप्रसाद पुढं डोकावून आला आणि मग यल्ला यल्ला, चला चला करत तिघं आत घुसली. आरती म्हटली तीही दबक्या आवाजात. झांजा नाहीत, टाळ्या नाहीत. ईशानी आईकडे बघत कुजबुजत होती आणि मधेच तिला हसू फुटलं. "मम्मा, व्हाय आर वी हायडिंग फ्रॉम जैनब आंटी?" प्रमिलानं ओठांवर बोट ठेवलं. मोदक एकटीनं वळले. कडा फाटल्या, सारण बाहेर आलं.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी परीक्षक आले. अर्चनाताई, त्यांच्याबरोबर दोन बायका आणि एक कॅमेरावाले गृहस्थ. पैठण्या, कुर्ते, दारात चपलांचा ढीग. डोंगरांमागच्या दिव्यांनी हॉल उजळला होता, आणि खरं सांगायचं तर आरास देखणी झाली होती. अर्चनाताई बघतच राहिल्या.

"वा! याला म्हणतात विषय. सांग बाळा, मराठीत सांग."

"हे कळसूबाई. नगर जिल्हा आणि नाशिकच्या बॉर्डरवर. हे नंदादेवी, उत्तराखंड. हे सारामती, नागालँड..." ईशानी छान सांगत होती. पुण्याहून अनिलकाकांचा व्हिडिओ कॉल आला होता, दर वर्षी येतो तसाच, दर्शनासाठी. दत्तप्रसाद फोन उंच धरून त्यांना आरास दाखवत होता. प्रमिला मोदकांच्या ताटल्या भरत होती. बऱ्याच दिवसांनी तिला बरं वाटत होतं. कॅमेरावाल्यांना तिवई आत आणायला जागा व्हावी म्हणून दार कुणीतरी उघडंच ठेवलं होतं.

जैनबनं आपल्या दारातून माणसं येताना पाहिली होती. एवढी माणसं एकदम, म्हणजे भेटायलाच आली असणार. दुःखातल्या घरात पाहुण्यांना चहा कोण करणार? डोक्यावर पांढरी ओढणी घेऊन, मोठा थर्मास आणि कपांचा ट्रे घेऊन ती हळूच आत आली. "आप लोग बैठिए, मैं चाय—"

एवढं बोलून ती थांबली.

आधी तिला बाप्पा दिसले. मग दिवे, फुलं, मोदक. मग पैठण्या. प्रमिलाच्या हातातली ताटली तशीच राहिली. तिला वाटलं, आत्ता या क्षणी काहीतरी कोसळावं, लाईट जावेत, काहीही व्हावं. इथं लाईटही जात नाहीत.

"जैनब आंटी! यू केम!" ईशानी उडी मारून धावली आणि तिला हाताला धरून थेट उत्तरेकडे घेऊन गेली. "लुक! के-टू! तू सांगितलंस ना, पिरॅमिडसारखा? आय मेड इट मायसेल्फ."

जैनबनं डोंगराकडे पाहिलं. मग पट्टीकडे. आकडे आणि नाव वाचण्यापुरती देवनागरी तिला या शेजारानंच शिकवली होती. ती बराच वेळ वाचत राहिली.

"बहुत अच्छा बनाया, बेटा," ती म्हणाली. "बिल्कुल ऐसा ही है."

एवढ्यात फोनमधून पुण्याचा खणखणीत आवाज आला. "दत्ता, अरे कॅमेरा हलवू नकोस! माझी कळसूबाई कुठंय?"

दत्तप्रसादला फोन बंद करायचंही सुचलं नाही. ईशानीनं तो त्याच्या हातातून ओढून घेतला. "अनिल आजोबा, मीट जैनब आंटी!"

जैनबच्या हातातला ट्रे कलला. अर्चनाताईंनी तो पटकन धरला म्हणून वाचला.

"अनिल... चाचा?"

"हां हां, मैं अनिल! नमस्ते बेटी!"

प्रमिलानं डोळे मिटून घेतले. आता ती ओरडेल, आता विचारेल, सगळ्यांसमोर. तिनं ओरडावं, असंच प्रमिलाला वाटत होतं. पण जैनबनं दोन्ही हात तोंडावर ठेवले. "या अल्लाह, तेरा शुक्र है," ती म्हणाली आणि तिला रडू फुटलं. खरंखुरं, आनंदाचं रडू. "आप ठीक हैं ना, चाचाजी? तबीयत अच्छी है?"

"एकदम फर्स्ट क्लास! आज भी पहाड़ी चढ़ के आया!"

"शुक्र है," ती परत म्हणाली. "अल्लाह आपको लंबी उम्र दे." मग तिनं डोळे पुसले, पाहुण्यांना चहा ओतून दिला आणि कुणाकडेही न बघता निघून गेली.

"या का हो रडल्या?" अर्चनाताईंनी विचारलं.

"भाविक आहेत फार," प्रमिला म्हणाली. तेवढ्यातही तिला आणखी एक खोटं सुचलंच.

पाहुणे गेल्यावर तिनं समोरची बेल वाजवली. जैनबनं दार उघडलं, पण आत ये म्हटलं नाही.

"जैनब, मैं... वो के-टू की वजह से... मुझे लगा आपको बुरा लगेगा. सॉरी."

"मुझे बुरा लगता या नहीं, यह आपने मुझसे पूछा?"

प्रमिलानं नकारार्थी मान हलवली.

"शायद लगता," जैनब म्हणाली. आवाज चढलेला नव्हता. "थोड़ा लगता. फिर मैं मोदक बनाती, ईशानी को प्यार करती, घर आ जाती. नक़्शे तो हमारे बच्चों की किताब में भी हैं, प्रमिला. लेकिन आपको एक पहाड़ दिखाने में शर्म आई और एक आदमी को मारने में नहीं आई?"

  आतून रुहाननं विचारलं, "अम्मी, अब मैं बॉल खेलूँ?" जैनब वळून "हाँ, खेलो," म्हणाली आणि दार लावून घेतलं. आपटलं नाही, नेहमीसारखंच लावलं. प्रमिला परत आली. दत्तप्रसाद डोंगरांमागचे दिवे एकेक करून बंद करत होता.

सकाळी ग्रुपवर निकाल आला. पहिला नंबर. हार, टाळ्या, अभिनंदन, सगळ्यांचे अंगठे. अर्चनाताईंनी वेगळं लिहिलं होतं, "अभ्यासपूर्ण आरास." प्रमिलानं फोन ओट्यावर पालथा ठेवला. ज्या शब्दासाठी ती वर्षभर झुरली होती तो वाचताना तिला किळस आली, आपलीच. ईशानी टेबलाशी बसून दूध-कॉर्नफ्लेक्स खात होती. बाहेर पॅसेजमध्ये बॉल आपटत होता.

फोन वाजला. काका. आज गुलाबाचं फूल नव्हतं, स्वतःच.

"अभिनंदन गं! दत्तानं कळवलं. पोरीनं नाव काढलं हो." मग जरा थांबून म्हणाले, "प्रमिला, एक विचारू? रात्रभर डोक्यात होतं. ती तुझी मैत्रीण मला बघून रडली का गं? माझी ओळख ना पाळख."

सांगता आलं असतं काहीही. आठवण आली तिला वडिलांची, तुमच्यासारखेच दिसायचे. एवढंसं वाक्य, आणि काका सुखी झाले असते. ते वाक्य प्रमिलाच्या जिभेवर तयारही होतं. तिनं ईशानीकडे पाहिलं.

"काका, मी तिला सांगितलं होतं, तुम्ही गेलात."

"कुठं गेलो?"

"वारलात म्हणून."

ईशानीचा चमचा वाडग्यात थांबला. 

"मी?" काका म्हणाले. आवाजात राग नव्हता, नुसता गोंधळ होता, आणि त्यांचं वय पहिल्यांदाच ऐकू आलं. "कधी?"

"मागच्या आठवड्यात. तिनं तीन दिवस जेवण पाठवलं, काका. तुमच्यासाठी रोज प्रार्थना केली. आणि आम्ही जेवलो ते."

"पण का गं? मी काय केलं होतं?"

"तुम्ही काही नाही केलंत." प्रमिलाला आता रडू येत होतं, पण रडायचा आपल्याला हक्क नाही असं वाटून ती ते गिळत होती. "एका डोंगरासाठी केलं. तो तिला दिसू नये म्हणून."

"कुठला डोंगर?"

हॉलच्या उत्तरेला तो उभा होता. पट्टी स्वयंपाकघराच्या दारातूनही वाचता येत होती. ईशानी आईकडे बघत होती.

"जैनबच्या गावाकडचा," प्रमिला म्हणाली आणि तिनं मान खाली घातली.